आमच्या कॉलेजचं रीडिंग

डोंबिवलीच्या एका ज्युनिअर कॉलेजात मी एकतीस वर्षं रसायनशास्त्र शिकवलं. राहायला ठाण्यात, खोपटच्या एसटी डेपोपासून हाकेच्या अंतरावर. एवढ्या वर्षांत बारावीच्या मुलांनी मला सगळ्यात जास्त वेळा विचारलेला प्रश्न कोणता, असं कुणी विचारलं तर मला डोकं खाजवावं लागणार नाही. अणू म्हणजे काय, हा नव्हे. "मॅडम, किती यायला पाहिजे?" हा तो प्रश्न.

ज्यांनी बारावी सायन्सचं प्रॅक्टिकल कधी केलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. ब्युरेट म्हणजे आकडे कोरलेली एक उभी काचेची नळी, खाली तोटी. नळीत जांभळं पोटॅशियम परमँगनेट भरायचं. खाली चंबूत मोजून घेतलेलं ऑक्झॅलिक ॲसिड, दिसायला पाण्यासारखं. त्यात थोडं सल्फ्युरिक घालून ते गरम करून घ्यायचं. मग तोटी किंचित सोडायची आणि चंबू हलवत राहायचं. जांभळा थेंब पडतो आणि नाहीसा होतो, पडतो आणि नाहीसा होतो, आणि मग असा एक थेंब येतो की चंबूतलं सगळं पाणी फिकट गुलाबी होतं आणि तसंच राहतं. तिथे थांबायचं, नळीवरचा आकडा वाचायचा. त्या आधी अंदाजासाठी एक कच्चं रीडिंग घ्यायचं, त्याला पायलट म्हणतात, ते धरायचं नसतं. पुढच्या तिन्ही वेळा एकच आकडा आला पाहिजे, कारण पुढचं सगळं गणित त्या आकड्यावर.

आता द्रावण दर वर्षी नवीन बनतं. वजन करताना हात हलतो, पावडर जुनी असते, पाणी थोडं जास्त पडतं. म्हणजे आकड्यानेही थोडंफार हलायला हवं. आमच्या कॉलेजात तो हलत नसे. मी नोकरीला लागले तेव्हा तो नऊ पॉइंट सात होता आणि माझ्याआधी कित्येक वर्षं नऊ पॉइंट सातच होता. मुलं आदल्या वर्षीच्या मुलांकडून जर्नल मागून आणत, त्यातला आकडा आपल्या जर्नलात उतरवत, आणि प्रॅक्टिकलचे दोन तास ब्युरेटच्या आडोशाने गप्पा मारण्यात घालवत. घराण्याच्या कुलदैवतासारखा तो आकडा होता. कुणी कधी बसवला हे ठाऊक नाही, पण हलवायची कुणाची छाती नव्हती. आमच्या लॅबमध्ये जवळच्याच आगरी गावातले एक परिचर होते, सगळे त्यांना मामा म्हणत. मी नवी असताना त्यांनी मला पहिल्याच आठवड्यात शहाणं केलं होतं. "मॅडम, पोरां काय पन करू दे," ते म्हणाले होते, "आकडा तोच येनार."

दुसऱ्या वर्षी माझं मन शिकवण्यातून पार उडालं होतं. मी एम.एस्सी. झाले ती निसर्गाची गुपितं उकलायला, आणि करत काय होते, तर नऊ पॉइंट सातच्या खाली सह्या. पर्समध्ये एका बँकेचं नेमणूकपत्र घालून फिरत होते. महिनाअखेरपर्यंत हजर व्हायचं होतं. घरात सगळ्यांचं मत बँकेच्या बाजूने, आणि खरं सांगायचं तर माझंही.

अशात एक दिवस मी जर्नलं तपासत बसलेली. नऊ पॉइंट सात, सही. नऊ पॉइंट सात, सही. आणि एका जर्नलात दहा पॉइंट चार. माझा हात आपोआप लाल पेनाकडे गेला. मी तो आकडा खोडला, बाजूला 'पुन्हा करा' असं लिहिलं आणि मुलीला बोलावलं. ती त्याच वर्षी कल्याणहून आमच्याकडे आलेली, किडकिडीत, दोन वेण्या घातलेली मुलगी.

"हे काय लिहिलंयस?" मी म्हटलं.

"दहा पॉइंट चारच येतंय मॅडम," ती म्हणाली.

"पुन्हा कर."

अर्ध्या तासाने ती परत आली. पुन्हा दहा पॉइंट चार. मी परत पाठवली. असं पाच वेळा झालं. मी तेव्हा फार तापट होते. आताही आहे, पण आता गुडघे दुखत असल्यामुळे तो राग उठून उभा राहत नाही. पाचव्यांदा मी जरा आवाज चढवला तशी तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. रडत रडत ती म्हणाली, "मॅडम, मी दुसरं कुठून आणू? मला हेच आलंय."

 सगळं कॉलेज एका बाजूला आणि ही पोरगी एकटी एका बाजूला, आणि तरी आकडा सोडत नाही. मी तिला घरी पाठवलं. मधल्या सुट्टीत लॅब उघडायला लावली आणि स्वतः ब्युरेट भरली. मामा माझ्याकडे, शिक्षकाने स्वतः टायट्रेशन करणं ही काहीतरी आजारपणाची खूण असावी, अशा नजरेने बघत राहिले. पायलट रीडिंग दहाच्या आत आलं. ते धरायचं नसतंच. मग दहा पॉइंट तीन. मग दहा पॉइंट चार. मग पुन्हा दहा पॉइंट चार.

मी जर्नल हातात घेऊन तडक विभागप्रमुख सरांच्या केबिनमध्ये गेले. सर भला माणूस, निवृत्तीला दोन वर्षं राहिलेली. मी सांगितलं ते सगळं त्यांनी ऐकून घेतलं, उठून दार लावलं आणि हळूच म्हणाले, "बाहेरून परीक्षक येतात ना, त्यांनाही आपलं नऊ पॉइंट सातच माहीत आहे हो."

"सर, पण ते खोटं आहे."

"खोटं म्हणजे, जुनं आहे," सर म्हणाले.

मी भांडले. अंगात आल्यासारखी भांडले. शेवटी सरांनी हात टेकले. दुसऱ्या दिवशी लॅबच्या बोर्डावर नोटीस लागली की यापुढे प्रयोग क्रमांक चारचं रीडिंग दहा पॉइंट चार असं धरण्यात यावं. आणि त्या आठवड्यात बारावीच्या सगळ्या तुकड्यांतल्या सगळ्या मुलांना दहा पॉइंट चार आलं. मला त्यात सत्याचा विजय दिसला. मी बँकेचं पत्र फाडून टाकलं. घरी आठ दिवस माझ्याशी कुणी धड बोललं नाही.

पुढे एकोणतीस वर्षं मी बारावीचा पहिला तास या गोष्टीने सुरू केला. आधी इतिहास सांगायचा. पूर्वी रसायनशास्त्रज्ञ मानत की वस्तू जळते तेव्हा तिच्यातून फ्लॉजिस्टन नावाचं काहीतरी निघून जातं. मोठमोठ्या विद्वानांचा त्यावर विश्वास. आता काही निघून गेलं तर वजन कमी व्हायला हवं, पण धातू तापवून त्याची राख केली की तिचं वजन वाढलेलं निघे. तराजू समोर होता. मग या मंडळींनी काय केलं? काहींनी सांगितलं की फ्लॉजिस्टनचं वजन उणे असतं, म्हणून ते गेलं की वस्तू जड होते. इथे वर्ग हसे. मग मी म्हणे, हसू नका, आपल्या कॉलेजातही एक फ्लॉजिस्टन होतं, आणि ते एका मुलीने घालवलं.  डोळ्यांनी दिसलं ते लिहिणारी मुलगी, असं मी तिला म्हणायचे. तास संपल्यावर मुलं लॅबमध्ये जात आणि दहा पॉइंट चार लिहीत. त्यातली गंमत एकोणतीस वर्षांत एकदाही माझ्या लक्षात आली नाही, हे मी इथे लाज वाटत असूनही लिहिते आहे.

गेल्या वर्षी मी निवृत्त झाले. यंदा कॉलेजच्या विज्ञान मंडळाने मला उद्घाटनाचं भाषण करायला बोलावलं. विषय, रसायनशास्त्राचा इतिहास आणि त्यामागचा विचार. माझ्या जागेवर आलेली बाई माझीच विद्यार्थिनी. फोनवर म्हणाली, "मॅडम, ती दहा पॉइंट चारची गोष्ट नक्की सांगा हं. आम्ही अजून तेच रीडिंग धरतो." माझी मान ताठ झाली. मग माझ्या डोक्यात आलं, नुसती गोष्ट कशाला, ती मुलगीच स्टेजवर उभी करावी.

तिच्या बॅचचा व्हॉट्सॲप ग्रुप होता. अर्ध्या दिवसात तिचा पत्ता लागला. वागळे इस्टेटमधल्या एका रंगाच्या कारखान्यात ती क्वालिटीची मुख्य होती. माझ्या घरापासून रिक्षाने पंधरा मिनिटं. एवढी वर्षं ती माझ्या इतक्या जवळ रोज येऊन काम करून जात होती आणि मी मात्र तिची गोष्ट डोंबिवलीत सांगत होते.

तिने मला वाकून नमस्कार केला. वेण्या जाऊन कानामागे पांढरे केस आलेले, डोळ्यांवर चष्मा, अंगात पांढरा कोट. काचेपलीकडे लॅबमध्ये दोन मुली काम करत होत्या. एक ब्युरेटचा आकडा वाचत होती, दुसरी तिच्याकडे पाठ करून लिहीत होती. "आमच्याकडे वाचणारी वेगळी, लिहिणारी वेगळी," ती म्हणाली. "आधीचा आकडा वाचणारीला दाखवायचा नाही, असा माझा नियम आहे." मला काय अभिमान वाटला म्हणून सांगू. हे बी मीच पेरलेलं, असं मनात म्हणत मी चहा घेतला आणि तिला भाषणाचं सांगितलं. एकोणतीस वर्षं मी तिच्याबद्दल काय सांगत आले तेही सांगितलं.

ती ऐकता ऐकता गंभीर झाली. उठली आणि तिने दार लावलं. माझ्याशी बोलताना लोक दार का लावतात कोण जाणे.

"मॅडम, रागावणार नसाल तर सांगते," ती म्हणाली. "तो आकडा माझ्या मावसबहिणीचा होता."

"म्हणजे?"

"ती कल्याणच्या कॉलेजात होती ना, एक वर्ष पुढे. तिचं जर्नल मी आणलेलं. त्यांच्याकडे दहा पॉइंट चार यायचं. मी नवीन होते, इथे कुणाची ओळख नव्हती, मला काय माहीत तुमच्याकडे वेगळं येतं ते. मला वाटलेलं सगळीकडे एकच असेल. सायन्स आहे ना."

मी कप खाली ठेवला. "आणि पाच वेळा केलंस ते?"

"पाच वेळा ब्युरेट भरली आणि पाच वेळा बेसिनमध्ये सोडली."

"आणि रडलीस ती?"

"तुम्ही लाल पेनाने खोडलंत तेव्हाच मला वाटलं, कॉपी पकडली गेली. आता बाबांना बोलावणार. म्हणून मी हट्टाने तेच म्हणत राहिले."

खोटं कशाला सांगू, मला संताप आला. तिचा नव्हे, त्या मावसबहिणीचाही नव्हे. मी बँक सोडली होती या मुलीच्या रडण्यावर. घरच्यांचे आठ दिवसांचे रुसवे सोसले, सरांच्या केबिनमध्ये थयथयाट केला, आणि या सगळ्याच्या मुळाशी काय, तर कल्याणचं जर्नल. मी म्हटलं, "पण मला स्वतःला दहा पॉइंट चार आलं होतं. दोनदा."

 वाक्य तोंडातून बाहेर पडता पडताच मला ती मधली सुट्टी आठवली. फिकट गुलाबी म्हणजे नेमकं किती फिकट, हे कुठल्या पुस्तकात लिहिलेलं नसतं. रंग आला तरी हा अजून पुरेसा नाही असं मनाला पटवलं, की माणसाला आणखी एक थेंब टाकावासा वाटतो. मला त्या मुलीला खरं ठरवायचं होतं. मी एकेक थेंब टाकत दहा पॉइंट चारपर्यंत चालत गेले होते, आणि तोपर्यंत चंबूतला रंग फिकट राहिला नसणार. आणि ते पायलट रीडिंग, दहाच्या आत आलेलं, ते मी धरलंच नव्हतं.

"अजून एक आहे," ती म्हणाली. "तुम्ही सरांशी भांडून बोर्डावर नोटीस लावलीत ना, मला रात्रभर झोप लागली नाही. माझ्यामुळे सगळ्या कॉलेजचं रीडिंग बदललं. मग मला वाटलं, निदान एकदा खरं करून बघू या. मामांना सांगितलं. त्यांनी शनिवारी लॅब उघडून दिली, काही विचारलं नाही. आणि मॅडम, तो थेंब पडला आणि रंग राहिला ना, मी तो पहिल्यांदाच बघितला. बारावीत असून पहिल्यांदा. किती यायला पाहिजे ते खरं कुणालाच माहीत नव्हतं. तीनदा केलं. तिन्ही वेळा नऊ पॉइंट नऊ."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

"तुम्ही एवढं भांडलेलात. मी आणि तिसरा आकडा कुठे घेऊन येऊ?" मग म्हणाली, "पण मी बी.एस्सी.ला केमिस्ट्री घेतली ती त्या शनिवारमुळे. घरचे कॉमर्सला घालणार होते. तुम्ही माझ्यावर विश्वास ठेवला नसतात तर मी त्या दिवशी लॅबमध्ये गेलेच नसते."

निघताना ती रिक्षापर्यंत सोडायला आली. "मॅडम, तुम्ही आपली नेहमीचीच गोष्ट सांगा," ती म्हणाली. "चांगली आहे ती. मी येईन, मागे बसेन, कुणाला काही बोलणार नाही." मी रिक्षात बसले. वाटेत रिक्षावाल्याशी उगाचच रस्त्यावरून वाद घातला.

भाषणाच्या दिवसापर्यंत मी ठरवलेलं नव्हतं. पर्समध्ये, जिथे पूर्वी बँकेचं पत्र असे, तिथे दोन कागद होते, एकावर जुनी गोष्ट आणि एकावर नवी. जुनी जास्त चांगली होती. तिच्यात मीही जास्त चांगली होते. हॉल भरलेला. सर केव्हाच गेले, पण मामा आलेले, निवृत्त होऊन पंधरा वर्षं झालेले, पहिल्या रांगेत इस्त्रीच्या शर्टात. ती शेवटच्या बाकावर भिंतीला टेकून बसलेली.

मी फ्लॉजिस्टनपासून सुरुवात केली. वजन उणे असण्यापाशी पोरं हसली, नेहमीसारखी. पुढे मी सांगितलं की ज्यांनी फ्लॉजिस्टन घालवलं त्यांनी हवेतला एक वायू ओळखला आणि प्रत्येक आम्लात तो असतोच असं ठरवून त्याला आम्ल तयार करणारा असं नाव दिलं. ऑक्सिजन या नावाचा अर्थच तो. नंतर निघालं की ज्यात तो मुळीच नाही अशीही आम्लं असतात. पण नाव राहिलं ते राहिलंच. "म्हणजे जुनी चूक घालवणाऱ्यांचीही चूक झाली," मी म्हटलं, "आणि ती आपण दिवसभर नाकाने ओढतो आहोत." मग मी पाणी प्यायले आणि नवी गोष्ट सांगायला लागले.

सगळी सांगितली. बेसिन, मावसबहीण, माझे थेंब, तिचा शनिवार, फक्त शनिवारचा आकडा तेवढा सांगायचा राहिला. ती हसत हसत चष्मा पुसत असलेली मला स्टेजवरून दिसली. मामा मान हलवत होते, बहुतेक शनिवारच्या त्या लॅबच्या चावीची आठवण काढत असावेत. माझ्या जागेवर आलेल्या बाईचा चेहरा मात्र पडला होता, कारण त्याच आठवड्यात तिने शंभरावर जर्नलांवर सह्या केलेल्या. पोरं पोट धरून हसत होती. मला वाटलं होतं की हे सांगताना मी लहान होईन. तसं काही झालं नाही. उलट, कुणीतरी अंगावरची जड शाल काढून घ्यावी तसं हलकं वाटलं.

शेवटी प्रश्न विचारा म्हटलं. पहिल्या बाकावरच्या एका मुलीने हात वर केला. समोर वही उघडी, पेन तयार.

"मॅडम, मग आता जर्नलमध्ये किती लिहायचं?"

 सगळ्यांनी वह्या उघडल्या. पानं उलटल्याचा तो आवाज मी एकतीस वर्षं ऐकत आले होते. नऊ पॉइंट नऊ माझ्या अगदी जिभेवर आलं होतं. खरा आकडा, प्रामाणिकपणे काढलेला, दार लावून सांगितलेला. शेवटच्या बाकाकडे बघितलं तर ती चष्मा हातात धरून माझ्याकडेच बघत होती, आणि किंचित मान हलवून नको म्हणत होती.

मी आकडा गिळला आणि म्हटलं, "लॅब उघडी आहे."

मुलीने मान डोलावली, खाली वाकली आणि वहीत नीट, सुवाच्य अक्षरात लिहून घेतलं, 'लॅब उघडी आहे.' शेजारचीने तिच्या वहीत बघून तेच उतरवलं.